टोलेडोचं खिळ्यांचं दार

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, बहिणीला नाही, आणि ज्याला सगळ्यात आधी सांगायला हवं होतं त्या माझ्या मुलाला तर नाहीच. सात वर्षं झाली. आमच्या लातूरच्या घरी कुणी आलं आणि स्पेनचा विषय निघाला, की मी सेगोव्हियातल्या दगडी कमानींवर सुरू होते — त्यावर मला अर्धा तास बोलता येतं. टोलेडोचं नाव निघालं, की चहा टाकायला उठते. तुम्हीही माझ्याकडचा तो चहा कधीतरी प्यायला असाल. चांगला झालाय म्हणालाही असाल.

आज चहा नाही. आज सांगायचंच, असं ठरवून बसले आहे. मधेच उठायला लागले तर तुम्ही मला हाताला धरून बसवा.

पण सुरुवात कुठून करू? एकदम टोलेडोपासून केली तर तुम्ही म्हणाल — एवढंच? म्हणून आधी अक्का.

अक्का म्हणजे माझी थोरली जाऊ. चाकूरजवळच्या आमच्या गावी राहते. शाळेचं तोंड पाहिलेलं नाही, पण गावातली अर्धी बाळंतपणं तिच्या हातची. तिला स्वतःला मूल नाही. मला एकच, संदीप. मी नांदेडला शाळेत इंग्रजी शिकवायचे, हे उदगीरला नोकरीला. संदीप अकरा महिन्यांचा असताना मी त्याला अक्काच्या मांडीवर ठेवला आणि नांदेडची गाडी पकडली. दोनेक वर्षांत बदली होईल, असं सगळेच म्हणत होते. ती काही झाली नाही. शनिवारी दुपारी शाळा सुटली की गावी, सोमवारी पहिल्या गाडीने परत — असं किती वर्षं चाललं, ते अहमदपूरच्या स्टँडला विचारा.

पुढे संदीप अकरावीला लातूरला आला. त्याच्या क्लासजवळ खोली घेतली आणि स्वयंपाकाला अक्का येऊन राहिली. लातूरचे असाल तर अशा खोल्या तुम्हाला माहीत आहेत. एक गॅस, एक टेबल, भिंतीभर चिकटवलेली सूत्रं, आणि पोराच्या परीक्षेने पोरापेक्षा जास्त वाळलेली आई. बाकीच्या खोल्यांत आया होत्या. आमच्या खोलीत अक्का होती. बारावीचा निकाल लागला तेव्हा पेढा भरवतानाचा संदीपचा फोटो पेपरात आला. खाली लिहिलं होतं, 'आईसमवेत'. फोटोत अक्का. मी त्या वेळी नांदेडहून निघालेल्या एसटीत, लोह्याच्या पुढे कुठेतरी, मांडीवर पेढ्यांचा बॉक्स घेऊन.

संदीप तिला 'मोठी आई' म्हणतो.

ही तक्रार नाही, हं. अक्काने माझं काही हिरावून घेतलं नाही. मी ठेवलं, तिने सांभाळलं. मला हे नीट कळत होतं — आणि कळत होतं म्हणूनच जास्त जळत होतं. आपल्यावर उपकार करणाऱ्या माणसाचा राग येतो, असं तुम्हाला कधी झालंय? मला झालंय. वर्षानुवर्षं. वरून मात्र जावा-जावा कशा सख्ख्या बहिणींसारख्या राहतात, असं गाव आमचं उदाहरण द्यायचं.

संदीप पुढच्या शिक्षणाला स्पेनला गेला. पहिलं वर्ष टोलेडो नावाच्या जुन्या शहरात, टेकडीवरच्या एका घरात, अगदी वरच्या मजल्यावरच्या खोलीत. तिथली भाषा येत नव्हती, थंडी सोसत नव्हती, पोरगं पार एकटं पडलं होतं. मला फोन करायचा तो 'बरं आहे' सांगायला. रडायचा तो अक्काजवळ. दर रविवारी तिचा फोन तासभर चालायचा. त्या घराच्या दाराला मुठीएवढे लोखंडी खिळे आहेत, उंबरा झिजून मधोमध खोलगट झालाय, समोर घंटा वाजते — सगळं तिला पाठ. ती म्हणायची, "आपल्या औशाच्या किल्ल्याला हाय तसलं दार दिसतंय. त्या दारानं माझं पोरगं वरीसभर राखलं, सुमन. एकदा जाऊन उंबऱ्याला कुंकू लावायचंय बग."

एवढीच तिची इच्छा. काशी नको, रामेश्वर नको. तो उंबरा.

मग संदीपला माद्रिदला नोकरी लागली आणि त्याने आम्हा दोघींना बोलावून घेतलं. हे आले नाहीत. इतके तास विमानात कोंडून घेण्यापेक्षा मी तेवढे तास रांगेत उभा राहीन, म्हणाले. माद्रिदच्या विमानतळावर संदीप आधी अक्काच्या पाया पडला. वयाने ती मोठी, आधी तिच्याच पडणार. मीच शिकवलेली रीत. तरी माझे पाय तिथे दोन पावलं मागे, बुटात तसेच उभे होते आणि त्यांना ते सहन होत नव्हतं.

संदीपला सुट्टी मिळेना, म्हणून त्याने आमची नावं एका दिवसाच्या सहलीत घातली. सकाळी टोलेडो, दुपारी सेगोव्हिया, संध्याकाळी माद्रिद. बस त्यांची, इंग्रजी बोलणारी गाईड त्यांची. त्या घराचा पत्ता त्याने माझ्या मोबाईलमध्ये टाकून दिला आणि मला बाजूला घेऊन म्हणाला, "आई, शहर टेकडीवर आहे, पण मी विचारून घेतलंय. खालून थेट वरपर्यंत सरकते जिने आहेत. मोठी आईला काही त्रास होणार नाही. तू फक्त तिचा हात धर."

तू फक्त तिचा हात धर. विसरले असते तर बरं झालं असतं. पण मी विसरले नव्हते.

बसमध्ये अक्का खिडकीशी. नऊवारी, वर संदीपचा स्वेटर, पायांत त्यानेच घेतलेले पांढरे बूट, मांडीवर धपाट्यांची पिशवी. गाईड म्हणजे एक सडसडीत, हसरी बाई, हातात पिवळी छत्री. तिने प्रत्येकाच्या कानात ऐकायचं यंत्र अडकवलं. ते अक्कालाही दिलं. आणि अक्का त्या यंत्रातलं इंग्रजी मान हलवत ऐकत बसली, गावात कीर्तन ऐकते तशी. मधेच तिने पिशवी सोडली आणि पुढच्या सीटवरच्या गोऱ्या नवरा-बायकोच्या हातात एकेक धपाटं ठेवलं. लसणाचा वास बसभर. त्यांनी आवडीने खाल्लं, बोटंही चाटली. त्यांना काही वाटलं नाही. वाटलं ते मला — एकतीस वर्षं इंग्रजी शिकवलेल्या बाईंना.

पण खरं सांगते, धपाट्याची लाज हे निमित्त झालं. ठिणगी वेगळीच होती. टोलेडो जवळ आलं तशी अक्का माझ्या कानाशी येऊन म्हणाली, "संद्या मनला, ते दार लई जड हाय. हातानं उघडत न्हाई, खांद्यानं ढकलावं लागतंय."

हे मला माहीत नव्हतं. माझ्या मुलाने रोज कुठलं दार कुठल्या खांद्याने ढकललं, हे मला बसमध्ये दुसऱ्याकडून कळत होतं. आणि थोड्या वेळाने आम्ही दोघी त्या दारासमोर उभ्या राहणार, तिथेही ती मला दाखवणार — हे बग, हितं तो बसायचा. मी पाहुणी. पुन्हा एकदा शनिवारची पाहुणी.

बस टेकडीच्या पायथ्याशी थांबली. गाईडने सगळ्यांना खाली उतरवलं आणि सांगितलं — मी तिचं बोलणं जसंच्या तसं देते — कुणाचे गुडघे दुखत असतील तर मुळीच काळजी करू नका, चढायचं नाहीये, सरकते जिने आहेत, वर गेल्यावरही आपण सावकाश चालू, कुणालाही मागे ठेवणार नाही.

अक्काने विचारलं, "काय मनली गं ती बाई?"

आणि मी म्हणाले, "अक्का, ती म्हणते, ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी इथंच थांबायचं. वर फार चढ आहे. म्हाताऱ्या माणसांना नेत नाहीत."

झालं. बोलले. सात वर्षांत हे वाक्य मी पहिल्यांदा कागदावर पाहते आहे. किती छोटं आहे, नाही? जन्मभर मुलांना सांगत आले — भाषांतरात पदरचं घालायचं नाही, असलेलं गाळायचं नाही, एक शब्द फिरवलात तर पूर्ण गुण कापीन. कुंपणच शेत खातं म्हणतात, ते असं.

अक्काने टेकडीकडे बघितलं. मला वाटलं, हट्ट करेल. हट्ट केला असता तर मी नेलंही असतं कदाचित — की हीसुद्धा पळवाटच? तिने हट्ट केलाच नाही. "नेत न्हाईत तर न्हाईत," म्हणाली. "त्यांची रीत आसंल."

गाईड माझ्याकडे आली. तुमच्या बहीण येत नाहीत का, तिने विचारलं. मी इंग्रजीत म्हणाले, त्या थकल्यात, त्यांनाच यायचं नाहीये. म्हणजे एकदा नाही, दोन्ही अंगांनी खोटं. त्या भल्या बाईची खात्री पटेना. तिने अक्कासमोर वाकून, हाताच्या खुणांनी विचारलं — बरं आहे ना? अक्काने तिला हात जोडले आणि हसून मान डोलावली. अक्काला वाटलं, ही बाई न नेल्याबद्दल माफी मागतेय. दोघींच्या मधे मी उभी. एका शब्दाने सगळं सरळ झालं असतं. तो शब्द मला दोन्ही भाषांत येत होता.

बसच्या चालकाच्या नजरेसमोर असलेल्या एका बाकावर तिला बसवलं. जिन्यांचं तोंड वळणाआड होतं, बाकावरून दिसत नव्हतं. हेही मी बघून घेतलं होतं. निघताना तिने कनवटीची कागदाची पुडी काढून माझ्या हातात दिली. हळदकुंकू आणि चार तांदूळ. "मग तू तरी लाव उंबऱ्याला. आन् दार नीट बगून ये. मला सांगायला."

मी वर गेले. पायरीवर पाय ठेवला आणि जिना मला अलगद घेऊन गेला. माझ्या पुढे काठी घेतलेली एक बाई होती, अक्कापेक्षा दहा वर्षांनी तरी मोठी.

टोलेडो सुंदर आहे. तिन्ही बाजूंनी नदी, दोन माणसं शेजारून चालणार नाहीत अशा गल्ल्या, एवढं मोठं चर्च की मान दुखावी. तीन धर्मांचे लोक इथे शेजारी शेजारी राहिले, असं गाईड सांगत होती. मला ऐकू येत होतं, पण कानात मुक्काम करत नव्हतं. एका दुकानात तिने बदामाची मिठाई चाखायला दिली, आपल्या पेढ्याच्या जवळपासची. मी खाल्ली. अक्कासाठी एक विकत घेतली. पापाला दक्षिणा.

मोकळा वेळ मिळाला तेव्हा मोबाईल बघत बघत ती गल्ली शोधली. दार होतं. मुठीएवढे खिळे होते. उंबरा मधोमध खोलगट, एखाद्या जुन्या पाट्यासारखा. मी खांद्याने ढकलून पाहिलं — हललं नाही, आतून बंद होतं. आणि मला वाटलं होतं तसं काहीच झालं नाही. मला वाटलं होतं, इथे तरी मी पहिली. पहिली झाले. मग? त्या दारासमोर उभं राहून मला संदीपचं काही म्हणजे काही आठवेना, कारण मला कधी सांगितलेलंच नव्हतं. इथे उभं राहून जिला सगळं दिसलं असतं, ती खाली बाकावर होती.

पुडी काढली. तेवढ्यात गल्लीत माणसं आली. परक्याच्या दाराशी वाकून कुंकू लावताना मला बघतील — या लाजेने पुडी पुन्हा पर्समध्ये गेली. माणसं निघून गेली तरी मी ती बाहेर काढली नाही.

खाली आले तेव्हा जवळजवळ तीन तास झाले होते. अक्का त्याच बाकावर होती. धपाट्यांची पिशवी तशीच बांधलेली. "तू आल्यावर संगं खावं मनलं," म्हणाली. मग विचारलं, "लावलंस?"

"लावलं," मी म्हणाले.

आणि बस सुटल्यावर मी शेवटचं केलं. तिला म्हणाले, "अक्का, तुम्ही वर आला नाहीत हे कळलं तर संदीपला वाईट वाटेल. वर आलात असंच सांगा." मग दुपारभर, सेगोव्हियाच्या वाटेवर, तिला पढवत बसले — दार कसं, गल्ली कशी, चर्च केवढं. ती मन लावून ऐकत होती. सेगोव्हियात त्या कमानींवरून पूर्वी शहराला पाणी यायचं असं मी सांगितलं — खरं सांगितलं, तिथे खोटं बोलायची गरज नव्हती — तर वर बघून म्हणाली, "चुना न्हाई, काई न्हाई, नुसता दगडावर दगड. तरी पडंना झालाय. वजनच धरून ठेवीत आसंल." आमच्या लातूरला एका उन्हाळ्यात रेल्वेने पाणी आलं होतं, ते तिला आठवलं असावं; ती कमानींकडे बघत किती वेळ उभी होती.

संध्याकाळी संदीपने दारातच विचारलं, "मोठी आई, पाहिलंस माझं घर?" अक्काने आधी पदराची गाठ सोडून ती बदामाची मिठाई त्याच्या हातात ठेवली. मग म्हणाली, "बगितलं रं. लई जड हाय दार." संदीपशी ती आयुष्यात कधी खोटं बोलली नव्हती. ते मी तिला शिकवलं. फोटो का नाही काढला, त्याने विचारलं. मोबाईल बंद पडला, मी म्हणाले.

इथवर ऐकून तुम्ही म्हणाल, बिचारीला काही कळलंच नाही, निदान तेवढं बरं. मलाही तसंच वाटत होतं. गावी परत येईपर्यंत.

काशी करून आलं की आपल्याकडे मावंदं घालतात — गावाला जेवण, आणि यात्रेहून आलेल्यांचे पाय धुवायचे, म्हणजे पुण्याचा वाटा धुणाऱ्यालाही मिळतो. अक्काने स्पेनचं मावंदं घातलं. लोक हसले, आणि जेवायला सगळे आले. आम्हा दोघींना पाटावर बसवलं. बायकांनी परातीत पाय धुतले, कपाळाला पाणी लावलं. माझेही धुतले. मी पाय पुढे केले. मागे घेता आले असते.

तेव्हा एकीने विचारलं, "आक्का, गुडघ्याची तुम्ही, टेकडी चढलाव कशी?"

अक्का म्हणाली, "चढायचं कशाला? सरकता जिना हाय की तितं. पायरीवर हुबं ऱ्हायलं की झालं. काठीवाल्या म्हाताऱ्या बी जातेत."

ती माझ्याकडे बघत नव्हती. परातीतल्या पाण्याकडे बघत होती.

जिन्याचं मी तिला एका अक्षराने सांगितलं नव्हतं. दार सांगितलं, गल्ली सांगितली, जिना मुद्दाम वगळला होता. म्हणजे त्या तीन तासांत ती बाकावरून उठली होती. पाण्यासाठी असेल, मोरीसाठी असेल — वळणापर्यंत गेली होती आणि तिने पाहिलं होतं. काठ्या टेकत वर जाणाऱ्या बायका पाहिल्या होत्या. पाहून परत येऊन बसली. धपाट्याची पिशवी सोडली नाही. मी आल्यावर 'लावलंस?' एवढंच विचारलं. आणि मी जिना वगळून जे पढवलं, ते सगळं तसंच पाठ केलं.

ती का बोलली नाही? मला वाचवलं? की संदीपला? की मला माझ्यापुरतं सोडून दिलं? सात वर्षं मी हा प्रश्न फिरवून फिरवून पाहते आहे, आणि एकदाही तिला विचारलेला नाही. भ्याले. दुसरं कारण नाही.

गेल्या महिन्यात तिचे गुडघे पुरते गेले. आता खोलीतून अंगणात यायला दोघी लागतात. संदीपने फोनवर म्हटलं, "मोठी आई, तुला परत एकदा आणायचं राहूनच गेलं गं." मी शेजारी बसले होते. अक्का म्हणाली, "आता कशाला रं. बगितलं की समदं."

त्या 'बगितलं'वर मी उठले आणि चहा टाकायला गेले. गॅसपाशी उभी राहिले, आणि ठरवलं.

मी हे लिहिलं आहे ते आधी अक्कासाठी, मग संदीपसाठी, मग उरलेल्या सगळ्यांसाठी. जळत होते म्हणून केलं, हे मी वर सांगितलं आहे. ते कारण आहे, सबब नाही. पुडी माझ्या कपाटात आहे. कुंकू तसंच लाल आहे. ती तिची आहे, तिला परत करायची.

अक्काला वाचता येत नाही. म्हणजे हे मलाच तिच्यासमोर बसून वाचावं लागणार — जिथे मी तिच्यावर जळत होते तेही, आणि गाईड खरं काय म्हणाली होती तेही. या वेळी एक शब्दही फिरवणार नाही. ती काय म्हणेल, ते मी इथे लिहिणार नाही, आणि तुम्ही विचारू नका.

चाकूरची गाडी सकाळी साडेसातला आहे. तिकडेच निघाले आहे.